टॅबातली बटई

नको असलेली वस्तू कशी ओळखायची आणि ती बिनबोभाट कशी काढून टाकायची, हे मला नोकरीनं शिकवलं आहे. मी वडवणीच्या एका कनिष्ठ महाविद्यालयात ग्रंथपाल आहे. वाळवी लागलेली, पानं गळालेली, अभ्यासक्रमातून गेलेली पुस्तकं बाजूला काढायची, समितीच्या सह्या घ्यायच्या आणि ती रद्दीत घालायची, याला आमच्याकडे निर्लेखन म्हणतात. हा शब्द मला फार आवडतो. तो उच्चारला की समोरचा माणूस पुढचा प्रश्न विचारत नाही. त्यामुळे टॅबमधले चार फालतू गेम काढायला मला कोणाची मदत, सल्ला किंवा परवानगी लागेल असं त्या रविवारी सकाळी मुळीच वाटलं नव्हतं.

प्रश्न अगदी साधा होता. सिरसाळ्याला आमची थोडी जमीन आहे. अण्णा, म्हणजे माझे वडील सुंदरराव, गुडघ्यांनी असहकार पुकारल्यावर आमच्याकडे वडवणीला राहायला आले आणि जमीन त्यांनी नाथाला बटईनं दिली. जमीन आपली, राबणं त्याचं, पीक निम्मं-निम्मं. यंदा रानात कापूस आहे. पण हल्ली कापूस नुसता रानात उभा असून भागत नाही, तो सरकारी अ‍ॅपमध्येही उभा करावा लागतो. आपल्या रानात जायचं, पिकाजवळ फोटो काढायचा आणि तो वर चढवायचा. खरिपाच्या या पाहणीची मुदत वाढत वाढत एकदाची संपायला आली होती. उद्या शेवटचा दिवस. नोंद राहिली तर सातबाऱ्यावर यंदाच्या रकान्यात पीक नाही, म्हणजे पडीक.

पडीक हा शब्द आमच्या घरात कोणी मोठ्यानं उच्चारत नाही. विहिरीचा तळ दिसला त्या वर्षीसुद्धा अण्णांनी मटकी टाकून का होईना, रान हिरवं ठेवलं होतं. ‘माझ्या सातबाऱ्यावर आजवर पडीक लागलं न्हाई,’ हे ते आल्यागेल्या पाहुण्याला चहा यायच्या आधी सांगतात. आणि या नोंदीचं काम मी चारचौघांत, मान जरा वर करून, माझ्याकडे घेतलं होतं. ‘अण्णा, तुम्ही निवांत बसा, मी बघतो,’ असं म्हणालो होतो. सुशिक्षित मुलानं एवढं तरी करायला नको का?

आता तुम्ही म्हणाल, टॅबच कशाला, फोन नाही का? होता. शनिवारी नळाला पाणी आलं, हौद किती भरला ते बघायला मी वाकलो, आणि शर्टाच्या खिशातला फोनही माझ्यासोबत वाकला. मग तो तांदळाच्या डब्यात ठेवून झाला, उन्हात ठेवून झाला, शेजारच्या ताराबाईंच्या सांगण्यावरून देवापुढेही ठेवून झाला. सिम तेवढं वाचलं. बबिताच्या, म्हणजे माझ्या बायकोच्या, फोनचा कॅमेरा फुटलेला. राहता राहिला टॅब. तो आम्ही आमच्या मुलीच्या, तेजश्रीच्या, अभ्यासाला घेतला होता, पण ती लातूरला क्लासला गेली आणि तिथं असल्या वस्तूंना बंदी, म्हणून तो घरीच राहिला. मी त्यात सिम घातलं, सरकारी अ‍ॅप उतरवायला घेतलं, आणि टॅबनं मला सांगितलं की पुरेशी जागा उपलब्ध नाही.

आत डोकावल्यावर कळलं, की आपल्या ओसरीवर रोज एक जत्रा भरते आणि आपल्यालाच तिचं आवतण नाही. फळं कापायचा गेम, ट्रक चालवायचा गेम, डोसे घालायचा गेम, गोळ्या जुळवायचा गेम, लुडो, आणि एक बोलणारं मांजर.

‘बबिता!’ मी हाक मारली. ‘हे काय आहे सगळं?’

ती पदराला हात पुसत आली. तिच्यामागून ताराबाई आल्या. ताराबाईंना मी हाक मारलेली नव्हती, पण आमच्या दोन्ही घरांच्या मधली भिंत कंबरेएवढीच आहे.

‘डोशाचं माझं न्हवं,’ बबितानं आधीच सांगून टाकलं. ‘खरे करून जीव नकोसा झालाय, त्यात खोटे कुठं घालू? पर लुडोला हात लावायचा न्हाई. ताराबाईंची एक सोंगटी घरात जायची ऱ्हायलीय.’

‘आन गोळ्याचं माझं हाय,’ ताराबाई म्हणाल्या. ‘लई वर गेलेय मी त्यात. आता खाली उतरून पुन्हा चढू का या वयात?’

‘मांजर तरी काढतो,’ मी म्हणालो.

यावर भिंतीपलीकडून खाकरल्याचा आवाज आला आणि ताराबाईंचे यजमान बंकटराव उभे राहिले. बंकटराव एसटीत कंडक्टर होते. निवृत्त झाले तरी अजून ते चालत्या घरात एका हातानं वरचा काहीतरी आधार धरूनच उभे राहतात. त्यांनी भिंत ओलांडली, टॅब माझ्या हातातून घेतला आणि मांजराला म्हणाले, ‘चला, तिकीट बोला तिकीट!’ मांजर पंजे हलवत बारीक आवाजात म्हणालं, ‘चला, तिकीट बोला तिकीट!’

‘बघा सर,’ बंकटराव हळव्या आवाजात म्हणाले, ‘घरात दुसरं कोन ऐकतंय माझं?’

ताराबाई छताकडे बघू लागल्या. मांजर वाचलं.

मी बेवारस गेमांपासून निर्लेखन सुरू केलं. फळं गेली, ट्रक गेला, डोसे गेले. डोसे जाता जाता एक जाहिरात आली. तिच्यात एक राजा तळघरात कोंडलेला, वरून पाणी पडतंय आणि तो मला वाचवा वाचवा म्हणून हात जोडतोय. कोपऱ्यात तिळाएवढी फुली होती. माझं बोट तिळाएवढं नाही. फुली राहिली बाजूला आणि राजाचा महाल आमच्या टॅबात उतरायला लागला. तो थांबवता थांबवता राजाच्या शेजारणीचा बगीचाही आला. तीन काढले, दोन आले. असा हिशोब मी ग्रंथालयात ठेवला असता तर प्राचार्यांनी मला केव्हाच घरी बसवलं असतं.

‘सर, तुमचं चुकतंय,’ बंकटराव म्हणाले. ‘गाडीत जागा नसती. जागा करावी लागती. पाशिंजर मधी अंग चोरून उभा ऱ्हातो, त्याला मागं सरकवायचं.’ आणि त्यांनी एकेका गेमचं चित्र बोटानं ओढून दुसऱ्यावर नेऊन बसवलं. सगळी चित्रं एका चौकोनात कोंबली गेली. बाकीचा पडदा रिकामा झाला. ‘हे बगा! आता पन्नास मानसं बसतील.’

खोटं कशाला सांगू, क्षणभर मलाही वाटलं की जागा झाली. मी विश्वासानं सरकारी अ‍ॅपवर बोट ठेवलं. जागा उपलब्ध नव्हती.

शेवटी मी टॅबच्या पोटात शिरून कोण किती जागा अडवून बसलंय ते पाहिलं. लुडो, गोळ्या, मांजर ही सगळी चिल्लर होती. जवळजवळ अर्धा टॅब मघाशी माझ्या नजरेतून सुटलेल्या एकट्या शेतीच्या गेमनं व्यापला होता. उघडला, तर हिरवंगार रान, आखीव वाफे, त्यात गहू, मका, एक लाल कौलांचं कोठार, आणि कुंपणात भरपूर मेंढ्या.

‘हे कोणाचं?’ मी विचारलं.

बबितानं ताराबाईंकडे पाहिलं, ताराबाईंनी बंकटरावांकडे, आणि बंकटरावांनी ओसरीच्या टोकाच्या बाजेकडे. बाजेवरून अण्णा म्हणाले, ‘माझं हाय.’

मला हसू आलं. ज्या माणसानं जन्मभर खरी औतं हाकली, त्यानं काचेवर बोट घासून मका पेरावा! मी समजुतीच्या सुरात म्हणालो, ‘अण्णा, हे काढावं लागेल. फार जागा खातंय.’

‘काढून कसं जमंल? बटईनं दिलंय.’

‘काय दिलंय?’

‘रान. सटवाला. मेंढरं त्याच्याकडं, रान माझ्याकडं, लोकर निम्मी-निम्मी. पाडव्याला बोली झाली, पुढच्या पाडव्यापतोर. बंकटराव हुते मधी.’

‘हुतो,’ बंकटरावांनी साक्ष दिली.

सटवाकाका मागच्या गल्लीत राहतात. मेंढरांमागं साऱ्या मुलखाची वाट तुडवलेला हा माणूस मुलाच्या पक्क्या घरात राहायला आल्यापासून अण्णांचा दोस्त झाला होता. रोज सकाळी दोघं आमच्या बाजेवर बसतात हे मला ठाऊक होतं. मला वाटायचं, आजारपणाच्या गप्पा मारतात. प्रत्यक्षात तिथं शेतीचा कारभार चालला होता.

‘अण्णा, हा गेम आहे,’ मी म्हणालो.

‘मंग? बोली खोटी हाय का?’

याला उत्तर नव्हतं. उत्तर नसलं की सुशिक्षित माणूस कृती करतो. अण्णा आंघोळीला उठले तसा मी टॅब घेऊन जिन्याखाली गेलो आणि त्या हिरव्या चित्रावर बोट दाबून धरायला लागलो. पण बोट जरा आधी उचललं गेलं, गेम उघडला, आणि माझ्या अंगठ्याखाली आलेली मेंढी अशी काही ओरडली की गल्लीतली कुत्री भुंकायला लागली. आणि दारात सटवाकाका उभे. हातात काठी, खांद्यावर घोंगडी.

‘कोन हाय? कोन हात लावतंय?’

‘मी आहे काका. अंगद.’

‘कावून वरडली ती? भ्यालीय. तिला असं वरून न्हाई धरायचं पोरा, पोटाखालून घ्यायचं.’

मग ओसरीवर बैठक बसली. अण्णा ओल्या अंगानं पंचा लावून, सटवाकाका काठी आडवी ठेवून, बंकटराव खांबाला धरून, आणि बायका चहाचं निमित्त करून उंबऱ्यात. मी मधोमध टॅब घेऊन बसलो होतो. माझ्या अठरा वर्षांच्या नोकरीत निर्लेखन समितीची सभा इतकी पूर्ण उपस्थितीत कधी झालेली नाही.

‘बोली पाडव्यापतोर हाय,’ सटवाकाका म्हणाले. ‘मधीच मोडली तर गावात तोंड काय दाखवू?’

‘आन रानात मका हाय,’ अण्णा म्हणाले. ‘कनसात दूध भरलंय. उभ्या पिकात कुनी नांगर घालतं का बे? माझ्या हातानं न्हाई हुयाचं.’

‘कोणत्या गावात तोंड दाखवायचंय काका?’ माझा आवाज चढला आणि भाषाही घसरली. ‘आन अण्णा, त्या मक्यापायी आपल्या खऱ्या रानावर पडीक लागंल, त्याचं काय? उद्या मुदत संपतीय!’

हे बोलून मी जीभ चावली. बबितानं चहाचा कप खाली ठेवला.

अण्णांना आधी कळलंच नाही. ‘पडीक कसं लागंल? कापूस छातीला लागलाय. नाथा म्हनला, येचनी सुरू झालीय.’

‘रानात आहे हो. नोंदीत नाही. फोटो चढवला नाही तर कागदावर रान रिकामं.’

‘मंग त्येंनी येऊन बघावं की. एवढा पांढराधोट कापूस दिसंना का?’

‘तसं नसतं ते अण्णा.’

अण्णा पंच्याचं टोक बोटाला गुंडाळत बसले. मी त्यांना आटलेल्या विहिरीपाशी बघितलंय, बैल विकताना बघितलंय, पण असं खाली मान घालून बसलेलं बघितलं नव्हतं. माझी सगळी ऐट तिथंच उतरली. मला स्वतःचा, त्या हौदाचा आणि त्या बुडणाऱ्या राजाचा फार राग आला.

सटवाकाका उठले. त्यांनी टॅब आपल्याकडे ओढून घेतला आणि मेंढ्यांकडे नीट, एकेकीकडे पाहिलं. ‘सुंदरराव,’ ते म्हणाले, ‘मेंढरं जाऊ द्या. माझी बोली म्या सोडली. जमिनीला पडीक नको लागाया.’

‘सटवा...’

‘आरं सोडली म्हनलं न्हवं! पर एक हाय. उभं पीक न्हाई मोडायचं. काढून घेऊ सगळं. रीतीनं घेऊ.’

आणि मग आमच्या ओसरीवर सुगी सुरू झाली. गहू पिवळा होताच, तो ताराबाईंनी एका बोटानं सपासप कापला. गोळ्या जुळवून त्यांचं बोट तयार झालं होतं. बबितानं अंडी गोळा केली. मी सांगत होतो की काढायचंच आहे तर कापायचं कशाला, पण मला कोणी विचारत नव्हतं. मका तेवढा अडला. त्याला पिकायला संध्याकाळ होणार, नाहीतर हिरे मोजा. हिरे हवे असतील तर जाहिराती बघा. सगळ्यांनी मान पुढं घालून जाहिराती बघितल्या. बुडणारा राजा पुन्हा आला. ‘आवं, वाचवा की त्याला कुनीतरी,’ ताराबाई कळवळल्या आणि त्यांनी बोट लावलं. त्याबरोबर राजाच्या सासुरवाडीचा गेम उतरायला लागला. जागा करायला बसलो होतो आणि जागा कमी कमी होत चालली होती.

शेवटी मका पिकला, कापला, आणि टॅबवर पाटी आली: कोठार भरलं आहे.

‘म्हणजे?’ मी ओरडलो.

‘म्हंजे जागा न्हाई,’ बंकटराव शांतपणे म्हणाले. ‘मागं सरकवा.’

माल विकल्याशिवाय मका आत जाणार नव्हता. गेममधला व्यापारी आला. टोपीवाला, गुबगुबीत, लाल मिशांचा. त्याला गहू चालत नव्हता, अंडी चालत नव्हती. त्याला मेंढ्या हव्या होत्या.

सटवाकाकांनी डोळे बारीक केले. ‘ह्यो कुठला म्हनायचा?’

‘कुठला नाही हो काका. चित्र आहे.’

‘चित्र असू दे. कावून पायजेत त्याला मेंढरं? पाळायला का कापायला?’

‘मला कसं ठाऊक?’

‘इचार की मंग!’

विचारायची सोय नव्हती. सटवाकाका त्या चित्राच्या मिशांकडे किती तरी वेळ बघत राहिले आणि म्हणाले, ‘मानूस बरा वाटत न्हाई. ह्याला न्हाई द्यायची.’ मी हात जोडले. बबितानं हात जोडले. शेवटी तोडगा बंकटरावांनीच काढला. गेममध्ये शेजाऱ्याला भेट पाठवता येते. बंकटरावांच्या नातीच्या फोनवर, गेवराईला, तेच शेत होतं. मेंढ्या तिकडं पाठवल्या, त्यांच्यासोबत लोकरीचे गठ्ठेही गेले आणि कोठारात जागा झाली. बंकटरावांनी सवयीनं डबल बेल दिली. सटवाकाकांनी घोंगडीच्या टोकानं डोळे पुसले आणि धूळ गेली म्हणून सांगितलं. मका कोठारात गेला. रान मोकळं झालं.

आता काढणार, एवढ्यात ताराबाई म्हणाल्या, ‘थांबा! रास उचलायच्या आधी पूजा नको?’ आणि कोणी अडवायच्या आत त्यांनी टॅबला पुढून हळद, मागून कुंकू लावलं, आणि नारळ आमच्या उंबऱ्यावर फोडला. पाणी टॅबवर उडालं. मी किंचाळलो. अण्णांनी मात्र मनोभावे हात जोडले, आणि स्वतःच्या बोटानं ते हिरवं चित्र काढून टाकलं. सगळं काढायचं का, म्हणून टॅबनं विचारलं. ‘व्हय,’ अण्णा म्हणाले.

सरकारी अ‍ॅप भसकन् उतरलं. एवढीशी होती बिचारी वस्तू.

त्यात गाव निवडलं, खातेदार म्हणून अण्णांचं नाव निवडलं. मग गट नंबर विचारला. मी अण्णांकडे पाहिलं. अण्णांनी माझ्याकडे पाहिलं. ‘तुला ठावं न्हाई?’ ते म्हणाले. ग्रंथालयातल्या कुठल्याही पुस्तकाचा क्रमांक मी झोपेत सांगतो हे त्यांना सांगण्यात अर्थ नव्हता. त्यांनी गट नंबर सांगितला, चतुःसीमा सांगितल्या, विहिरीच्या हिश्शाचा वादही सांगायला लागले होते. पण अ‍ॅपला तेवढं नको होतं.

फोटो रानातच काढावा लागतो, म्हणून निघालो. मी एकटा जाणार होतो. पण अण्णा पंचा सोडून धोतरात तयार झाले, आणि म्हणाले, सटवा आल्याशिवाय मी येत न्हाई, त्यानं माझ्यासाठी मेंढरं सोडली. त्यामुळे मोटारसायकलवर पुढं मी, मधे छातीशी टॅब धरून अण्णा, मागे आडवी काठी घेतलेले सटवाकाका, असे आम्ही तेलगावमार्गे सिरसाळ्याकडे निघालो. काठी आडवी असल्यामुळे समोरून येणारी प्रत्येक गाडी आम्हाला शिव्या देत होती. रस्त्यात माझा एक विद्यार्थी भेटला. त्यानं आदरानं ‘नमस्कार सर’ म्हणून मान लववली आणि काठी चुकवली.

रानाच्या वाटेला लागलो तेव्हा ऊन कलायला आलं होतं. अण्णांना बांधाच्या लिंबाखाली बसवलं, सटवाकाकांना त्यांच्याजवळ थांबवलं, आणि म्हणालो, ‘तुम्ही बसा. पाच मिनिटांचं काम आहे.’ मी पिकात शिरलो. काय कापूस होता! मला अभिमान वाटला. मी टॅब उचलला, कॅमेरा लावला. समोर सगळं लालभडक. अख्ख्या रानात कोणी गुलाल उधळल्यासारखं दिसत होतं. मागच्या काचेवर ताराबाईंचं कुंकू होतं. ते शर्टानं पुसलं. शर्ट नवा होता. पुन्हा फोटो काढला. अ‍ॅप म्हणालं, आपण निवडलेल्या गटाच्या हद्दीत नाही.

मी दोन पावलं सरकलो. हद्दीत नाही. टॅब डोक्यावर धरला, उपग्रहाला दिसावा म्हणून. हद्दीत नाही. मी वैतागून मोठ्यानं म्हणालो, ‘या अ‍ॅपला काही कळत नाही! आपल्याच रानात उभा आहे आणि म्हणतंय तुमचं नाही!’

‘आरं त्ये बरुबर म्हनतंय!’ बांधावरून अण्णा ओरडले. ‘त्ये दुसऱ्याचं हाय! आपलं बांधाच्या हिकडं!’

शेजारच्या पट्ट्यातून नाथा उभा राहिला. डोक्याला टॉवेल, कमरेला कापसाची ओटी बांधलेली. तो मघापासून मला बघत होता आणि मी दुसऱ्याच्या रानात शिरलोय हे मला सांगायचा त्याला धीर होत नव्हता. ‘मला वाटलं, सायेब कुनाला भेटाया आल्यात,’ तो म्हणाला.

सरकारला माझं रान ठाऊक होतं आणि मला नव्हतं, हा अपमान गिळून मी बांध ओलांडला. आमचा कापूस दिसायला अगदी तसाच होता. पण टॅब लगेच शांत झाला. फोटो निघाला. अक्षांश-रेखांश आले. चक्र फिरायला लागलं. नाथा, सटवाकाका, अण्णा, तिघं माझ्या खांद्यावरून वाकून बघत होते. चक्र अर्ध्यात अडलं. मग एक हिरवी खूण उमटली. पीक: कापूस. नोंद झाली.

‘झालं!’ मी ओरडलो. ‘अण्णा, झालं! पडीक नाही!’

अण्णांनी नुसती मान हलवली. मला वाटलं होतं ते काहीतरी म्हणतील. खरं सांगतो, या वयातही मला त्यांच्या तोंडून शाबास ऐकायचं होतं. पण ते सरळ पिकात शिरले, एक बोंड उघडून पाहिलं, दुसरं पाहिलं, आणि नाथाला म्हणाले, ‘येचनीला बायका न्हाई मिळाल्या व्हय बे?’

‘कुठल्या मिळत्यात अण्णा? समद्यांची येचनी एकदाच आली.’

‘आन आभाळ आलं तर? भिजलं म्हंजे?’ अण्णांनी नाथाची एक ओटी मागून कमरेला बांधली. गुडघ्यांचं त्यांच्या लक्षातच नव्हतं. ते उभ्या उभ्या दोन्ही हातांनी वेचायला लागले. माझ्या लहानपणी वेचायचे तितक्याच झपाट्यानं. तिकडं सटवाकाका बांधावर फिरून नाथाला सांगत होते, की कापूस निघाला म्हणजे या रानात मेंढरं बसवायची, भाच्याकडं खरी मेंढरं आहेत, चार रात्री बसली की शेणखताची गरज नाही.

मी टॅब घेऊन थोडा वेळ उभा राहिलो. मग घड्याळाकडे पाहून खाकरलो. ‘अण्णा, निघायचं का? नोंद झालीय.’

‘ऐकलं की मघाशी,’ अण्णा न वळता म्हणाले. ‘कापूस हाय म्हनून लिहून दिलंस न्हवं सरकारला?’

‘हो.’

‘मंग येचायचा कुनी? सरकारनं? उभा काय ऱ्हायलास पाव्हन्यावानी, पात धर!’

पात म्हणजे ज्याच्या त्याच्या वाटणीची ओळ. मी टॅब लिंबाच्या बेचक्यात ठेवला, पँट वर दुमडली, रुमालाची ओटी केली आणि अण्णांच्या शेजारची ओळ धरली. बोंडाची टोकं नखात घुसत होती. कुंकवाच्या शर्टाला कापसाचे धागे चिकटत होते. नाथा माझ्या पुढं केव्हाच निघून गेला होता, आणि अण्णाही चार झाडं पुढं होते.

झाडं दाट होती. मी मागं राहिलोय आणि मला काही ऐकू येत नाही, असं समजून अण्णा बांधावरच्या सटवाकाकांना म्हणाले, ‘सटवा, पोरानं पडीक लागू दिलं न्हाई बघ.’

‘लई ग्वाड पोरगं हाय,’ सटवाकाका म्हणाले.

‘हाय. पर बोंडं सोडतंय मागं.’

मी गुपचूप चार पावलं मागं फिरलो आणि सुटलेली बोंडं वेचायला लागलो.